देशावरची राज्ये, समुद्रावरची युद्धे

देवगिरीचा यादव राजा महादेव आणि उत्तर कोकणचा शिलाहार राजा सोमेश्वर यांच्यातील झगड्याचा निकाल इ.स. १२६५ च्या सुमारास समुद्रावर लागला. सोमेश्वर बुडून मेला. त्याच्याबरोबर ठाण्याच्या शिलाहारांचे सुमारे साडेचारशे वर्षांचे राज्य संपले आणि यादवांची सत्ता किनाऱ्याला भिडली. महाराष्ट्राच्या मध्ययुगीन इतिहासात इतकी निर्णायक समुद्रलढाई दुसरी क्वचितच सापडेल. जिंकणारा मात्र दर्यावर्दी नव्हता.

यादवांचे राज्य देशावरचे. गोदावरी, भीमा, कृष्णा यांच्या खोऱ्यांत त्यांचे बळ होते. सोलापूर जिल्ह्यातले वेळापूर त्यांच्याच मुलखातले. माळशिरस तालुक्यातल्या या गावी अर्धनारीनटेश्वराच्या देवळात रामचंद्रदेव यादवाच्या काळातले शिलालेख आहेत. सरळ रेषेत मोजले तरी समुद्र इथून दोनशे किलोमीटरच्या आसपास आहे. संस्कृतात ‘वेला’ म्हणजे समुद्राचा किनारा, पण या वेळापूरला नीरा-भीमेपलीकडचे मोठे पाणी ठाऊक नाही. शेजारच्या पंढरपुरात शके ११९२ म्हणजे इ.स. १२७० च्या लेखात महादेव यादव प्रौढप्रतापचक्रवर्ती म्हणून येतो, तर विठ्ठलमंदिरातल्या चौऱ्याऐंशीच्या लेखात, शके ११९५ पासूनच्या नोंदींत, रामचंद्रदेव आणि हेमाडी पंडित यांची नावे आहेत. कोकणच्या समुद्रयुद्धाची हकीकत लिहून ठेवणारा हेमाद्री तो हाच. ज्या राज्याचे देणगीदार, अधिकारी आणि पंडित भीमेच्या काठी वावरत होते, त्याच राज्याच्या फौजेने खाडीत उतरून जहाजांचा पाठलाग केला. घोड्यावर आणि हत्तीवर लढायला शिकलेले राज्य पाण्यावर कसे लढते, हाच इथे पाहण्याचा प्रश्न आहे.

या प्रश्नाचे सर्वांत जुने लिखित उदाहरण अनातोलियातल्या, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातल्या, हिटाइटांचे आहे. त्यांच्या देशाचे नाव हत्ती, त्याचा गजाशी काही संबंध नाही. राजधानी हत्तुशा आजच्या बोगाझकाले गावाजवळ, डोंगराळ मुलखात होती. इ.स.पू. सतराव्या शतकापासून बाराव्या शतकाच्या आरंभापर्यंत हे राज्य टिकले आणि इजिप्तच्या दुसऱ्या रामसेसशी त्याने कादेश येथे इ.स.पू. १२७४ च्या सुमारास बरोबरीने झुंज दिली. त्यांचे युद्ध रथांचे होते. समुद्राची त्यांना गरज पडली ती उशिरा, आणि मुख्यतः धान्यासाठी. तेराव्या शतकाच्या अखेरीस इजिप्तचा राजा मेर्नेप्ताह याने हत्तीला जहाजातून धान्य पाठवल्याची नोंद त्याच्या शिलालेखात आहे. उगारितच्या राजाला आलेल्या एका पत्रात दोन हजार मापे धान्य उरा या बंदरात पोचवण्यासाठी जहाज आणि खलाशी मागितले आहेत, आणि हा जगण्यामरण्याचा प्रश्न आहे असे बजावले आहे.

उगारित हे आजच्या सीरियाच्या किनाऱ्यावर, लताकियाजवळच्या रास शाम्रा टेकाडाखाली सापडलेले बंदराचे राज्य. १९२९ पासून तिथे झालेल्या उत्खननात मातीच्या हजारो पाट्या निघाल्या. उगारित हिटाइटांचे मांडलिक होते, आणि हिटाइटांच्या समुद्रबळाचा गाभा इथेच आहे. जहाजे, खलाशी, वल्हेकरी उगारितचे. हुकूम हत्तुशाचा किंवा त्याच्या वतीने कार्केमिशच्या राजाचा. हिटाइट राजा चौथा तुधलिया याने अमुरूच्या शौशगमुवाशी केलेल्या तहात अहियावा या सत्तेची जहाजे शत्रू असलेल्या असुरियाकडे जाऊ द्यायची नाहीत असे कलम आहे. पाटी तिथे खराब झाली असल्याने त्या नावाच्या वाचनावर वाद आहे, पण अमुरूसारख्या किनाऱ्यावरच्या मांडलिकाकडून शत्रूची नाकेबंदी करवून घेण्याची रीत त्यातून दिसते.

तुधलियाचा मुलगा दुसरा सुप्पिलुलियुमा याच्या एका पाटीत प्रत्यक्ष लढाई येते. अलाशियाच्या, म्हणजे सायप्रसच्या, जहाजांशी समुद्रात तीनदा गाठ पडली. ती पकडून भर समुद्रात पेटवून दिली. मग किनाऱ्यावर उतरल्यावर पुन्हा शत्रूचा जमाव चालून आला, एवढेच ती सांगते. काळ इ.स.पू. १२०० च्या आसपासचा. लिखित नोंद असलेली ही जगातली पहिली समुद्रलढाई, असे बरेच अभ्यासक मानतात. आपल्या बाजूची जहाजे किती, कोणाची, नेतृत्व कोणाचे, यातले काहीच राजाला सांगावेसे वाटले नाही. थोड्याच वर्षांत उगारितचा शेवटचा राजा अम्मुरापी अलाशियाच्या राजाला लिहितो, की शत्रूची जहाजे येऊन गावे जाळत आहेत, आपले सैन्य हत्ती देशात आणि आपली सगळी जहाजे लुक्का देशात अडकली आहेत. मालकाच्या लढाया लढता लढता घर उघडे पडले, याचा यापेक्षा साधा दाखला नाही. उगारित जळाले, पुन्हा वसले नाही, आणि हत्तुशाही त्याच सुमारास ओस पडली.

हिटाइटांची ही सारी माहिती शब्दांत आहे. पाण्यावरच्या त्यांच्या लढाईचे शिल्प त्यांनी मागे ठेवले नाही. त्या काळची समुद्रलढाई डोळ्यांनी पाहायची तर इजिप्तमध्ये मदीनत हाबू येथे तिसऱ्या रामसेसच्या मंदिराच्या भिंतीकडे जावे लागते, आणि तिथे लढणारे वेगळे आहेत. कोकणात, पुढे दिसेल तसे, नेमके उलट घडले आहे. चित्र ठसठशीत उरले आणि त्याखालची अक्षरे झिजून गेली.

दख्खनच्या सत्तांना किनारा हवासा वाटण्याची परंपरा यादवांच्या फार आधीची आहे. बदामीचा चालुक्य राजा दुसरा पुलकेशी याच्या ऐहोळे येथील इ.स. ६३४ च्या प्रशस्तीत, पश्चिम समुद्राची लक्ष्मी म्हणून गौरवलेल्या पुरी नगरीला मदमस्त हत्तींसारख्या दिसणाऱ्या शेकडो नौकांनी वेढल्याचे रविकीर्ती सांगतो. ही पुरी कोकणच्या मौर्यांची. ती घारापुरी की राजापुरी, यावर पिढ्यान् पिढ्या वाद चालू आहे. बदामी तर सह्याद्रीच्या पार पलीकडे मलप्रभेच्या खोऱ्यात आहे. पुलकेशीच्या शेकडो नौका तिथून आल्या नाहीत हे उघड आहे. त्या किनाऱ्यावरच्याच, कोणाकडून तरी घेतलेल्या किंवा भाड्याने लावलेल्या असणार. कवीने त्यांना हत्तींची उपमा दिली यात देशावरच्या माणसाची नजर दिसते.

राष्ट्रकूटांची रीत त्याहून स्पष्ट आहे. डहाणू तालुक्यातल्या चिंचणी येथे सापडलेल्या शके ८४८, म्हणजे इ.स. ९२६ च्या ताम्रपटानुसार संजाणच्या मंडळाचा कारभार एका ताजिक, म्हणजे अरब, अधिकाऱ्याकडे होता. संस्कृतात त्याला मधुमती आणि सुगतिप म्हटले आहे. मधुमती म्हणजे महंमद असे मानले जाते. त्याने आसपासच्या बंदरांचे अधिपती जिंकून तिथे आपली माणसे बसवली आणि नदी ओलांडण्यासाठी विनामूल्य तरीची सोय केली. मान्यखेटच्या राष्ट्रकूट सम्राटाने समुद्र सांभाळायला समुद्रावर आयुष्य काढलेला माणूस नेमला. त्याचा धर्म, भाषा, देश यांची आडकाठी आली नाही.

किनाऱ्यावर काय मिळत होते, ते खारेपाटणच्या ताम्रपटांतून कळते. दक्षिण कोकणचा शिलाहार रट्टराज याच्या शके ९३० (इ.स. १००८) च्या पटात परदेशातून येणाऱ्या प्रत्येक जहाजामागे एक सुवर्ण गद्याण, कंदलमूलीयाहून येणाऱ्या जहाजामागे एक सुवर्ण धरण असा कर नेमून दिला आहे, चेमूल्य आणि चंद्रपूर यांची जहाजे त्यातून वगळली आहेत. चेमूल्य म्हणजे चौल. उत्तर कोकणच्या अनंतदेवाच्या शके १०१६ (इ.स. १०९४) च्या पटात ठाणे, नागपूर, शूर्पारक म्हणजे सोपारा आणि चौल या बंदरांवरच्या जकातीची माफी येते. हे नागपूर कोकणातले, विदर्भातले नव्हे. घाटावरच्या राजाला शेतसारा पावसावर अवलंबून मिळे. खाडीच्या तोंडाशी बसलेल्या राजाला जहाजागणिक सोने मिळे. शिवाय अरबस्तान आणि इराणचे घोडे पाण्यावरूनच येत, आणि त्यांच्याशिवाय तेराव्या शतकातली दख्खनची फौज उभी राहत नव्हती.

महादेवाचा वडीलभाऊ कृष्ण याच्या कारकिर्दीतही कोकणावर चढाई झाल्याचे उल्लेख आहेत, पण सोमेश्वर टिकून राहिला. त्याचे शके ११८१ आणि ११८२ चे शिलालेख उरण परिसरात रानवड आणि चांजे येथे मिळाले आहेत. त्यानंतर पाचएक वर्षांत तो नाहीसा होतो. काय झाले ते हेमाद्रीच्या ‘चतुर्वर्गचिंतामणी’च्या आरंभीच्या राजप्रशस्तीत आहे. तिच्यातून अलंकार वजा केले तर घटनाक्रम असा उरतो: महादेवाने हत्तींसह मोठी फौज कोकणात उतरवली, सोमेश्वर जमिनीवर हरला, त्याने जहाजांवर आसरा घेतला, तिथेही त्याचा पाठलाग झाला आणि तो बुडाला. हेमाद्रीची कल्पनाशक्ती मात्र इथे फुलून येते. समुद्र तरून जाण्यात निपुण असलेला कोकणाधिपती महादेवाच्या हत्तींच्या मदजलाच्या नद्यांत बुडाला, महादेवाच्या कोपाग्नीपेक्षा त्याला समुद्रातला वडवानल बरा वाटला, असे तो म्हणतो. हत्ती इथेही समुद्रावर मात करतात. हेमाद्री महादेवाचा श्रीकरणाधिप होता, म्हणजे राजाच्या दप्तराचा प्रमुख. त्याच्याकडून पराभूताची बाजू कळण्याची अपेक्षा नाही. तरी एक गोष्ट त्याने नकळत कबूल केली आहे. जमिनीवर सर्वस्व गमावल्यावर शिलाहार राजाला जहाज हेच अखेरचे सुरक्षित ठिकाण वाटले होते.

या युद्धाशी जोडले जाणारे दुसरे साधन मुंबईत, बोरिवली पश्चिमेला, एक्सर गावी आहे. तिथे वीरगळांची एक रांग आहे. १८८२ च्या ठाणे जिल्हा गॅझेटियरमध्ये त्यांचे सविस्तर वर्णन आले, तळ्याकाठच्या आमराईत उभ्या असलेल्या सहा शिळा म्हणून. त्यांतल्या चार दहाएक फूट उंच आणि तीन फूट रुंद. काहींवर जमिनीवरची झुंज आहे, काहींवर पाण्यावरची.

देशावर वीरगळ गावोगाव दिसतात आणि त्यांची मांडणी ठरलेली असते. तळाच्या चौकटीत पळवून नेल्या जाणाऱ्या गाई किंवा मरून पडलेला वीर, मधे लढाई, वर वीराला नेणाऱ्या अप्सरा, त्यावर शिवलिंगाची पूजा, आणि सर्वांत वर कलश. एक्सरच्या कारागिराने साचा हाच ठेवला. गाईंच्या जागी त्याने जहाजे कोरली.

एका शिळेवर तळाच्या पट्ट्यात पाच जहाजे एकामागून एक रांगेने निघाली आहेत. पिछाडी उंच उचललेली, मधे डोलकाठी, आणि बाजूला वल्ह्यांची एकच ओळ. एका अंगाला नऊ वल्ही मोजता येतात. वरच्या पट्ट्यात चार जहाजांनी मिळून एकाला घेरले आहे आणि त्या एकाकी जहाजावरची माणसे पाण्यात कोसळत आहेत. त्याच्या वर एकदम शांतता: लिंगासमोर बसलेले उपासक, अप्सरा, आणि त्याहून वर कैलासात शिवपार्वती. दुसरी एक शिळा याहून बोलकी आहे. तिच्यावर आठ पट्टे आहेत. खाली अकरा जहाजांची झुंज, वर पुन्हा एक चकमक, मग लढाई आटोपून परतणारी जहाजे, मग किनाऱ्यावर उतरून कूच करणारी फौज. एका दगडावर मोहीम सुरुवातीपासून शेवटपर्यंत सांगितली आहे, आणि वाचायची ती खालून वर. राजाच्या प्रशस्तीत जे नाही ते इथे आहे: वल्हवणारे हात, पाण्यात पडणारी माणसे, फळीवर दाटीवाटीने उभे तलवारबाज. पट्ट्यांच्या मधे कोरलेल्या ओळी मात्र इतक्या झिजल्या आहेत की वीराचे नाव हाती लागत नाही.

या जहाजांवरून लढाईची तऱ्हा बरीचशी ठरवता येते. पश्चिम किनाऱ्यावरची तेव्हाची जहाजे काथ्याने शिवलेली असत, लोखंडी खिळे नसत. १३२० च्या दशकाच्या आरंभी होर्मुझहून ठाण्याला आलेला ओदोरिक हा फ्रान्सिस्कन साधू ज्या जहाजातून आला ते दोरीनेच बांधलेले होते, लोखंडाचा त्यात अंशही नव्हता, असे त्याने लिहून ठेवले आहे. असे जहाज लवचिक असते, वाळूला लागले तरी चटकन फुटत नाही, पण धडक मारून दुसऱ्याला बुडवण्याच्या ते कामाचे नाही. लढाई म्हणजे बाणांचा मारा, जवळ जाणे, घेरणे, वर चढणे आणि कापाकापी. हिटाइटांच्या काळातही जहाजांच्या नाळेला धडक देणारे धातूचे शिंग नव्हते. ते भूमध्य समुद्रावर काही शतकांनी आले. दोन्ही ठिकाणी समुद्रलढाई म्हणजे पाण्यावर तरंगणाऱ्या पायदळाची लढाई होती. म्हणूनच डोंगरातला सैनिक तिच्यात उपयोगी पडला. जहाज चालवणारे तांडेल आणि खलाशी किनाऱ्यावरचे मिळाले की बाकीचे काम तलवारीचे होते.

वल्ही आणि डोलकाठी दोन्ही असण्याचेही कारण आहे. ठाणे, वसई, मनोरी या खाड्यांत वाऱ्याचा भरवसा नसतो, भरती-ओहोटी सांभाळून वल्हवतच जावे लागते. खुल्या समुद्रात शीड लागते. पावसाळ्याचे चार महिने हा किनारा बंद. नारळी पौर्णिमेनंतर समुद्र निवळू लागतो, आणि घाट उतरणाऱ्या फौजेलाही चिखल वाळण्याची वाट पाहावी लागते, त्यामुळे अशा मोहिमेला हिवाळा-उन्हाळ्याचे मोजके महिने मिळत. पळणाऱ्या राजाला पावसाळा येईपर्यंत बेटांच्या आडोशाने तगता आले असते, तर पाठलाग तिथेच थांबला असता. महादेवाला जहाजे जमवणे भाग पडले ते यामुळे.

एक्सरच्या शिळा महादेव-सोमेश्वर युद्धाच्या, हे मत हेन्री कझन्स यांच्या १९३१ च्या दख्खनच्या मध्ययुगीन मंदिरांवरील ग्रंथामुळे रूढ झाले, आणि वा. वि. मिराशी यांच्या शिलाहारांच्या लेखसंग्रहानंतर (१९७७) या युद्धाची चर्चा अधिक पक्क्या पायावर आली. मत आकर्षक आहे, पण ते अनुमान आहे. काळ ठरवण्याचा आधार कोरीव कामाची धाटणी आणि एका ज्ञात लढाईशी जुळणारे चित्र एवढाच आहे, आणि शिलाहारांचे गोव्याच्या कदंबांशी आणि इतरांशीही खटके उडत होते. जहाजांच्या प्रत्येक लढाईला १२६५ चे नाव देण्याची घाई नको. त्याहून महत्त्वाची गोष्ट सहसा सुटते. वीरगळ उभारतात ते मेलेल्यासाठी, त्याच्या माणसांनी, त्याच्या गावात. एक्सर शिलाहारांच्या मुलखात होते. या शिळांवरचे वीर महादेवाचे असतील असे धरून चालायला काहीच आधार नाही. ते सोमेश्वराच्या बाजूने पडलेले, किंवा आधी त्याच्या आणि मग नव्या धन्याच्या जहाजांवर वल्हवलेल्या स्थानिक सरदारांपैकीही असू शकतात. शिळेवर चार जहाजांनी घेरलेले जहाज कोणाचे, हे त्या एका उत्तरावर अवलंबून आहे.

विजयानंतर यादवांनी स्वतःचे आरमार उभे केल्याची खूण नाही. त्यांनी अधिकारी नेमले. शके ११९४ (इ.स. १२७२) च्या ठाणे ताम्रपटात रामचंद्रदेवाच्या वतीने कोकणचा कारभार अच्युतनायक पाहतो, शके १२१२ (इ.स. १२९०) च्या पटात कृष्णदेव. याच दशकाच्या सुमारास मार्को पोलो ठाण्याविषयी लिहितो की राजाच्या संमतीने इथून चाचे निघतात, व्यापाऱ्यांना लुटतात, आणि करार असा की लुटीतले घोडे राजाचे, बाकीचा माल चाच्यांचा. पोलोच्या ऐकीव गोष्टींवर किती विसंबावे हा वेगळा प्रश्न, पण हा करार देशावरच्या राज्याच्या स्वभावाशी तंतोतंत जुळतो. समुद्रातून त्याला हवे होते ते घोडे. बाकी दर्या ज्याचा त्याला लखलाभ.

आणि संकट आले ते समुद्रातून नव्हे. अल्लाउद्दीन खलजी १२९६ मध्ये उत्तरेकडून जमिनीवरून आला आणि देवगिरीला वेढा पडला. वेळापूरचे लेख त्यानंतरच्या, इ.स. १३०० च्या आसपासच्या दिवसांतले. रामचंद्रदेव तेव्हा दिल्लीच्या दबावाखाली होता, तरी लेखात विजयराज्य चालूच आहे.

पुढची प्रकरणे लवकर सांगता येतात. बिदरचे बहमनी १४३० च्या सुमारास माहीमसाठी गुजरातच्या सुलतानाशी भिडले आणि गुजरातच्या जहाजांपुढे मागे हटले. बहमनींचा वजीर महमूद गावान याने १४७२ मध्ये गोवा घेतला तेव्हा जमिनीवरून फौज आणि समुद्रावरून जहाजे अशी दुहेरी चाल केली. विजापूरच्या आदिलशाहीने किनारा बराचसा इतरांच्या, विशेषतः जंजिऱ्याच्या सिद्दीच्या, भरवशावर सोडला. घाटावरून उतरलेल्या सत्तेने स्वतःची जहाजे स्वतःच्या खर्चाने बांधायला घेतली ती १६५७ मध्ये कल्याण-भिवंडी हाती आल्यानंतर, शिवाजी महाराजांच्या वेळी. तेव्हाही पहिल्या कामावर पोर्तुगीज कारागीर होते, आणि त्यांच्या वरिष्ठांनी त्यांना परत बोलावल्यावर ते काम सोडून निघून गेले. गलबते पुढे उतरली ती कल्याणच्याच खाडीत, सोमेश्वराच्या जुन्या पाण्यात.